बंद हुकूम : गोष्टीतलं गुपित नेमकं काय काम करतं?

एखादी थरारक वेब सिरीज शुक्रवारी येते आणि शनिवारी सकाळपर्यंत व्हॉट्सअ‍ॅपच्या गटांत भांडण लागलेलं असतं. कुणीतरी खुनी कोण ते लिहून मोकळं होतं, बाकीचे त्याच्यावर तुटून पडतात, एखादी मावशी गट सोडून जाते. 'स्पॉयलर' म्हणजे गोष्टीतलं दडवलेलं वेळेआधी फोडून टाकणं. 'शेवट कळला, आता काय बघायचं?' हा मुद्दा इतका सरळ वाटतो की त्याला कुणी आडवं जात नाही.

आता दुसरीकडे बघा. शिवाजी सावंतांची 'मृत्युंजय' १९६७ साली आली. कर्ण कुणाचा मुलगा हे माहीत नसलेल्या किती मराठी वाचकांनी ती हातात घेतली असेल? शेवटी रथाचं चाक रुततं हे शाळकरी पोरालाही ठाऊक. तरी लोकांनी ती रात्र रात्र जागून वाचली आणि अजून वाचतात. गुपित फुटलेलं, शेवट कळलेला, आणि गोष्ट मात्र शाबूत.

म्हणजे गुपिताचं काम 'शेवटपर्यंत कळू न देणं' एवढंच नसणार.

न सांगितलेलं सगळंच गुपित नसतं

प्रत्येक गोष्टीत लेखक शेकडो गोष्टी सांगत नाही. नायिकेनं सकाळी पोहे खाल्ले की उपमा, तिच्या आत्याचं नाव काय, घराचं भाडं किती. ही न सांगितलेली माहिती झाली. तिला गुपित म्हणत नाहीत, कारण ती कळल्यानं कुणाचं काही बिघडत नाही. गुपित व्हायला तीन गोष्टी जमून याव्या लागतात: कुणाला तरी ठाऊक हवं, कुणाला तरी ठाऊक नको, आणि त्या दुसऱ्याला कळलं तर काहीतरी मोठं उलटंपालटं व्हायला हवं.

मे महिन्याच्या सुट्टीत मेंढीकोट खेळलेल्यांना हे चटकन कळेल. बंद हुकमाच्या डावात एक भिडू हातातलं एक पान पालथं घालून समोर ठेवतो. त्या पानाचा जो रंग, तो त्या डावाचा हुकूम. पान सगळ्यांच्या डोळ्यांसमोर आहे, त्याची पाठ दिसतेय, पण पोट एकालाच ठाऊक. तो एक जण वेगळा खेळतो. त्याचा जोडीदार त्याच्या चेहऱ्याकडे बघत खेळतो. उरलेले दोघे अंदाज बांधत खेळतात. मग कुणाकडे तरी उतारीच्या रंगाचं पान नसतं आणि तो म्हणतो, 'हुकूम उघडा.' इथे डाव संपत नाही. खरं तर तो इथेच तापतो.

साहित्यातही पालथ्या पानाभोवती तिघं बसलेले असतात: लेखक, पात्रं आणि वाचक. कुणाला काय ठाऊक, यानुसार गोष्टीची जात ठरते. वाचक आणि तपास करणारं पात्र, दोघंही अंधारात असतील तर ती रहस्यकथा. वाचकाला ठाऊक आणि पात्राला नाही, अशी वेळ आली की समीक्षक त्याला 'नाट्यात्म उपरोध' म्हणतात. हा जड शब्द इथे एकदाच. आणि पात्रांनाही ठाऊक, वाचकालाही ठाऊक, पण बोलायचं कुणीच नाही, असाही एक प्रकार असतो. माझ्या मते सगळ्यात भयंकर तोच.

कर्णाचं गुपित कुणाकुणाला ठाऊक होतं?

आपण सरसकट समजतो की कर्णाला आपलं मूळ ठाऊक नव्हतं आणि कृष्णानं ते सांगून त्याला हादरवलं. उद्योगपर्व उघडलं की चित्र वेगळं दिसतं.

कृष्णाची शिष्टाई फसली आहे. हस्तिनापुरातून निघताना तो कर्णाला आपल्या रथात घेतो आणि नगराबाहेर सगळं सांगतो: तू कुंतीचा पुत्र आहेस, थोरला आहेस, चल, पांडव तुझे पाय धरतील, राज्य तुझं होईल. यावर कर्ण म्हणतो, हे सगळं मला ठाऊक आहे. धर्मानं मी पांडूचाच पुत्र. पण अधिरथानं मला घरी आणलं, राधेनं दूध पाजलं, आणि दुर्योधनानं माझ्या भरवशावर युद्ध मांडलं आहे.

म्हणजे कर्ण हा अंधारात ठेवलेला माणूस नाही. गुपित आता त्याच्याही हातात आहे, आणि लगेच तो स्वतःच ते राखायला सांगतो. कृष्णाला तो म्हणतो, आपलं हे बोलणं इथेच राहू दे. मी थोरला आहे हे युधिष्ठिराला कळलं तर तो राज्य घेणार नाही, मला देईल. आणि मला मिळालं तर मी ते दुर्योधनाला देऊन टाकीन.

ही दोन वाक्यं मला सगळ्या महाभारतातल्या राजकारणापेक्षा जास्त बोलकी वाटतात. समोरचा माणूस इतका सरळ आहे की त्याला खरं कळलं तर तो आपलं सगळं सोडून देईल, म्हणून त्याला खरं कळू द्यायचं नाही. शत्रूबद्दल एवढा आदर, आणि तोही शत्रूपासूनच लपवलेला.

त्यानंतर कुंती गंगेकाठी येते. कर्ण पूर्वेकडे तोंड करून, हात वर करून जप करतो आहे. त्याचा जप संपेपर्यंत ती उन्हात तिष्ठत उभी राहते, त्याच्याच उत्तरीयाच्या सावलीला, सुकत चाललेल्या कमळांच्या माळेसारखी. आयुष्यभर ज्याला सावली दिली नाही त्याच्या वस्त्राच्या सावलीत. भेटीअंती कर्ण तिला शब्द देतो: अर्जुन सोडून कुणाला मारणार नाही, तुझे पुत्र पाचच राहतील.

पुढे युद्धात भीम त्याच्या तडाख्यात सापडतो. कर्ण त्याला मारत नाही, धनुष्याच्या टोकानं टोचतो आणि खादाड, युद्ध हे तुझं काम नव्हे, असं हिणवून सोडून देतो. भीमाच्या पदरी फक्त अपमान पडतो. आपल्याला मात्र त्या अपमानामागचा गंगेकाठचा शब्द ऐकू येत असतो. एकाच प्रसंगात दोन वेगळे प्रसंग चाललेत, आणि दुसरा फक्त वाचकाला दिसतो. गुपित आधीच कळलेलं असल्यामुळेच हा दुसरा प्रसंग घडू शकतो. व्यासांनी हे सगळं युद्ध संपल्यावर उघड केलं असतं तर आपल्याला एक धक्का मिळाला असता, आणि भीमाला टोचणारं धनुष्य नुसतंच धनुष्य राहिलं असतं.

धक्का महाभारतात आहेच, पण तो वाचकासाठी राखलेला नाही. युद्धानंतर मृतांना पाणी द्यायची वेळ येते तेव्हा कुंती मुलांना सांगते, कर्णालाही पाणी द्या, तो तुमचा थोरला भाऊ होता. इथे युधिष्ठिराचा हुकूम उघडतो, सगळे डाव होऊन गेल्यावर. शांतिपर्वात तो संतापून शाप देतो की यापुढे कोणत्याही स्त्रीच्या पोटात गुपित राहणार नाही. बाकी सगळ्यांनी पाळलेल्या मौनाचा दंड त्यानं नेमका स्त्रीजातीला ठोठावला, ही गोष्ट वेगळ्या लेखाची आहे.

गोदाकाठचा सिंह

मोठ्या ग्रंथालाच हे जमतं असं नाही. 'गाथासप्तशती' हा हाल सातवाहनाच्या नावावर असलेला महाराष्ट्री प्राकृतातला संग्रह. त्यातली एक गाथा 'भम धम्मिअ वीसत्थो' अशी सुरू होते. एक बाई एका धार्मिक गृहस्थाला म्हणते: महाराज, खुशाल हिंडा. तुम्हाला त्रास देणारा तो कुत्रा आज मेला. गोदेच्या काठी झुडपात राहणाऱ्या माजलेल्या सिंहानं त्याला मारलं.

संपली गाथा. वरवर पाहिलं तर बाई चांगली बातमी देते आहे. पण कुत्र्याला भिणाऱ्या माणसाला ती सांगतेय की तिथे आता सिंह आहे. 'या' म्हणता म्हणता 'चुकूनही फिरकू नका' असं सांगून झालं. का? कारण ती झुडपं तिची आणि तिच्या प्रियकराची भेटायची जागा आहे, आणि हे गृहस्थ फुलं तोडायला म्हणून तिकडे कडमडतात. प्रियकराचा गाथेत उल्लेख नाही. भेटीचा नाही. बाई भ्यालेली आहे की हसतेय, तेही नाही. गुपित शब्दांत कुठेच नाही आणि तरी ते आपल्याला पुरतं कळतं.

नवव्या शतकात काश्मीरमध्ये आनंदवर्धनानं 'ध्वन्यालोक' लिहिला तेव्हा ध्वनी, म्हणजे शब्दांच्या पलीकडून ऐकू येणारा अर्थ, समजावताना ही गोदाकाठची गाथा उदाहरण म्हणून घेतली. त्यावर पुढे महिमभट्टानं हरकत घेतली. त्याचं म्हणणं, यात शब्दाची कसली आगळी शक्ती नाही, हा साधा तर्क आहे: सिंह आहे, भित्रा माणूस आहे, म्हणून तो जाणार नाही. वाद शास्त्रकारांचा आहे, पण आपल्या कामाचा भाग असा की दोघांच्याही मते उरलेलं काम ऐकणारा करतो. गुपित लेखकानं फोडायचं नसून वाचकानं स्वतःच्या डोक्यात जुळवायचं असतं, आणि स्वतः जुळवलेल्या गोष्टीचा आनंद सांगितलेल्या गोष्टीला येत नाही.

तो गृहस्थ बहुधा बाईचे आभार मानून गेला असेल.

पण रहस्यकथेत तर शेवटच सगळं असतो ना?

ही रास्त शंका आहे. लंडनमध्ये अ‍ॅगाथा ख्रिस्तीचं 'द माउसट्रॅप' नोव्हेंबर १९५२ मध्ये सुरू झालं. कोविडमुळे पडलेला खंड सोडला तर ते आजवर चालूच आहे. पडदा पडायच्या वेळी प्रेक्षकांना विनंती केली जाते की खुनी कोण ते बाहेर सांगू नका. हे नाटक ज्या कथेवरून आलं ती कथा नाटक चालू असेतो ब्रिटनमध्ये छापायची नाही, अशीही अट ख्रिस्तीबाईंनी घातली होती. एवढा बंदोबस्त आहे म्हणजे गुपिताला किंमत असणारच.

आहेच. फक्त ती कुठे आहे ते बघायला हवं. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या सॅन डिएगो इथल्या दोन मानसशास्त्रज्ञांनी २०११ साली एक प्रयोग प्रसिद्ध केला. बारा लघुकथा घेतल्या, काही वाचकांना शेवट आधी सांगितला, काहींना नाही. शेवट ठाऊक असलेल्यांना कथा सरासरीनं थोड्या जास्तच आवडल्या. वर्तमानपत्रांनी ही बातमी उचलून धरली. मग २०१५ साली दुसऱ्या दोन संशोधकांनी तसाच प्रयोग केला आणि निकाल उलटा आला: शेवट ठाऊक नव्हता त्यांनाच जास्त मजा आली. दोन्ही निकाल एकत्र वाचले तर एवढंच म्हणता येतं की शेवट फुटल्यानं प्रत्येक गोष्ट मरत नाही आणि प्रत्येक गोष्ट वाचतही नाही. जिच्याकडे उत्तराशिवाय दुसरं काही नाही ती मरते.

रहस्यकथेचा खरा कस दुसऱ्या वाचनात लागतो. १९२९ साली रोनाल्ड नॉक्स या इंग्रज पाद्री-लेखकानं रहस्यकथेसाठी दहा नियम लिहिले. त्यांचा गाभा असा की तपास करणाऱ्याला जो धागा सापडेल तो वाचकालाही दिसला पाहिजे. ऐन वेळी जुळा भाऊ काढायचा नाही, कुणालाच माहीत नसलेलं विष आणायचं नाही. म्हणजे पान पालथं असलं तरी ते टेबलावरच हवं, बाहीत नको.

मग लपवणं ही वाचकाची फसवणूक नाही का? याच प्रश्नावर १९२६ साली ख्रिस्तीबाईंच्या एका कादंबरीनं वादळ उठवलं. नाव सांगत नाही. शंभर वर्षं झाली तरी ज्यांनी वाचली नाही त्यांचा विरस करायची माझी तयारी नाही, आणि ज्यांनी वाचलीय त्यांना एव्हाना कळलंच असेल. काही वाचकांना ती शुद्ध लबाडी वाटली. पण उत्तर कळल्यावर मागची पानं पुन्हा वाचून बघा. एक साधं वाक्य आहे, एका पत्राबद्दलचं, वेळ सांगणारं. पहिल्या खेपेला त्यावरून नजर घसरून जाते. दुसऱ्या खेपेला ते अंगावर येतं, कारण त्यात खोटं काहीच नाही, फक्त काही मिनिटं गाळलेली आहेत. लेखिकेनं पान दाखवलं होतं. आपण त्याची पाठच बघत बसलो.

मराठीत हा खेळ हजारो घरांत पोचवला तो बाबूराव अर्नाळकरांनी. झुंजार, काळा पहाड अशा नायकांच्या हजाराहून जास्त रहस्यकथा त्यांनी लिहिल्या. त्यांत नॉक्सचे नियम शोधायला जाऊ नये. तिथे वेगाला भाव होता आणि वेशांतराला. गंमत म्हणजे बाबूराव अर्नाळकर हेही टोपणनावच. माणसाचं नाव चंद्रकांत सखाराम चव्हाण.

सगळ्यांना ठाऊक असलेलं गुपित

आता तो तिसरा प्रकार. विजय तेंडुलकरांचं 'शांतता! कोर्ट चालू आहे' रंगभूमीवर आलं १९६७ साली. एक हौशी नाटकमंडळी गावात प्रयोगाला आलेली, मधल्या वेळात गंमत म्हणून खोटा खटला चालवायचं ठरतं. आरोपी होते शिक्षिका लीला बेणारे, आरोप भ्रूणहत्येचा. खेळच आहे, काय होतंय.

हळूहळू कळतं की खेळ नाहीये. बेणारेबाई लग्नाशिवाय गरोदर आहेत, संबंध मंडळीतल्याच प्रोफेसर दामल्यांशी, आणि दामले आज नेमके आलेले नाहीत. प्रेक्षकाला वाटत राहतं की मंचावरच्यांना हे आत्ता समजतंय. पण त्यांच्या साक्षी ऐका. प्रत्येकाकडे आधीपासून काहीतरी आहे. कुणी काही पाहिलंय, कुणी ऐकलंय, कुणाकडे बाईच स्वतःहून लग्नाचं विचारायला गेल्या होत्या. एकेकट्यानं सगळ्यांनाच ठाऊक होतं. खटल्यानं माहिती मिळवली नाही, बोलायचा परवाना मिळवला.

अशा गुपिताला स्पॉयलर लागूच होत नाही, कारण फोडायला काही उरलेलंच नसतं. लपलेलं असतं ते इतकंच की आपल्याला ठाऊक आहे हे कोण आधी मान्य करणार. मराठी मध्यमवर्गीय घर ज्यानं आतून पाहिलंय त्याला हे शिकवावं लागत नाही. अमक्या काकांचं कर्ज, तमक्या आत्याचं मोडलेलं लग्न. सगळ्यांना ठाऊक आणि पंगतीत कुणीच काढत नाही. तेंडुलकरांनी हे जे हेरलं त्यासाठी त्यांना कुठलंही रहस्य रचावं लागलं नाही. शेवटी बेणारेबाई मोठं स्वगत बोलतात आणि भोवतीची माणसं गोठून गेलेली असतात. ज्यांनी सगळं बोलायला लावलं त्यांनाच ते ऐकू जात नाही.

'आता सगळंच समाजमाध्यमांवर उघड, गुपितं उरलीत कुठे?' असं विचारणाऱ्यांना मी हे नाटक वाचायला देईन. उघड असणं आणि बोललं जाणं यात अंतर आहे.

लिहिणाऱ्यानं स्वतःलाच लपवलं तर?

इथवर गुपित गोष्टीच्या आत होतं. कधी कधी ते मुखपृष्ठावर असतं.

१८८५ साली 'टाइम्स ऑफ इंडिया'त बालविवाह आणि सक्तीचं वैधव्य यांवर दोन पत्रं आली. खाली सही होती 'एक हिंदू स्त्री' अशा अर्थाची. लिहिणाऱ्या होत्या रखमाबाई, ज्या पुढे डॉक्टर झाल्या. लहानपणी लावून दिलेल्या लग्नाच्या नवऱ्यानं नांदायला यावं म्हणून त्यांच्यावर दावा लावला होता, आणि तो खटला चालू असतानाच ही पत्रं छापली गेली. नाव लपवण्यात भीती असेलच, पण दुसरंही काही साधलं. 'रखमाबाई' म्हटलं असतं तर वाचकानं एका बाईचं गाऱ्हाणं वाचलं असतं. 'एक हिंदू स्त्री' म्हटल्यावर ते कुणाच्याही घरातलं झालं.

१९३३ साली 'कळ्यांचे निःश्वास' प्रसिद्ध झालं. प्रकाशक ह. वि. मोटे, लेखिका विभावरी शिरूरकर. शिकलेल्या, नोकरी करणाऱ्या, लग्नाचं वय उलटत चाललेल्या मुलींच्या मनातलं त्यात इतकं थेट होतं की गदारोळ झाला. पुस्तकाइतकीच चर्चा ही बाई कोण याची. विभावरी म्हणजे बाळूताई खरे, कर्व्यांच्या हिंगण्याच्या संस्थेत शिकलेल्या, लग्नानंतरच्या मालतीबाई बेडेकर. विचार करा, ज्या मुलींबद्दल लिहिलं त्यांच्याच जगात त्या रोज वावरत होत्या. खरं नाव छापलं असतं तर दुसऱ्या दिवसापासून कुठलीही मुलगी त्यांच्याजवळ मन मोकळं करताना दहादा थबकली असती. टोपणनावानं फक्त लेखिकेला वाचवलं नाही, जिच्याकडून गोष्ट आली तिलाही वाचवलं.

आज असं नाव किती दिवस टिकेल? एप्रिल २०१३ मध्ये इंग्लंडमध्ये रॉबर्ट गालब्रेथ नावाच्या नवख्या लेखकाची गुप्तहेर कादंबरी आली. जुलैत कळलं की हा म्हणजे जे. के. रोलिंग. खबर फुटली ती नेहमीच्याच मार्गानं: तिच्या वकिलांच्या कचेरीतल्या एकानं ओळखीत कुणाला तरी सांगितलं. पण वर्तमानपत्रानं छापण्याआधी खात्री करून घेतली ती संगणकाकडून. या तंत्राला शैलीमापन म्हणतात, म्हणजे लिहिण्याच्या सवयी मोजून माणूस ओळखणं. ते मोठे, नटवे शब्द बघत नाही, कारण ते कुणीही मुद्दाम बदलू शकतं. ते 'पण', 'तर', 'मात्र', 'आणि' यांसारखे बिनमहत्त्वाचे शब्द किती वेळा येतात, शब्दांची लांबी साधारण किती, कोणते दोन शब्द जोडीनं येतात हे बघतं. या सवयी लिहिणाऱ्याला स्वतःलाही ठाऊक नसतात. माणूस जे लपवायला विसरतो, तिथेच तो सापडतो. झुंजारनं हेच सांगितलं असतं.

अख्खं साहित्यच कुलपात

गुपितानं साहित्याचं नुकसान झालेलं बघायचं असेल तर महानुभाव पंथाकडे वळावं लागतं. चक्रधरस्वामींच्या आठवणी म्हाइंभटानं तेराव्या शतकात जमवल्या, त्या 'लीळाचरित्र' म्हणून आपण ओळखतो. मराठीतलं इतकं जुनं, इतकं बोलकं गद्य दुसरं नाही: माणसं चालतात, भांडतात, जेवतात, रुसतात. ज्या रिद्धपूरला हे काम झालं तिथे अलीकडे मराठी भाषा विद्यापीठ उभं राहिलं आहे.

पंथानं चौदाव्या शतकापासून आपले ग्रंथ सांकेतिक लिपीत लिहायला सुरुवात केली. सकळ लिपी, सुंदरी लिपी अशा अनेक. तत्त्व सोपं: ठरलेल्या तक्त्याप्रमाणे एका अक्षराच्या जागी दुसरी खूण. तक्ता ज्याच्याकडे, त्याला वाचता येणार. पवित्र वचनं अनधिकारी हातात पडू नयेत हे एक कारण, बाहेरच्यांचा विरोध हे दुसरं. हेतू साधला. ग्रंथ मठांमध्ये जपले गेले, पिढ्यान् पिढ्या नकलून ठेवले गेले.

किंमतही मोजावी लागली. एकोणिसाव्या शतकात मराठी साहित्याचा इतिहास सांगितला जाऊ लागला तेव्हा हे सगळं गद्य हिशेबातच नव्हतं. आणि आत काय लिहिलंय ते बाहेर कुणाला ठाऊक नसल्यामुळे पंथाबद्दल वाटेल त्या कंड्या पिकल्या. खोडून काढायला पुरावा बंद कपाटात. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वि. ल. भावे, वि. का. राजवाडे यांच्यासारख्या अभ्यासकांच्या खटपटीनं हे ग्रंथ वाचकांपुढे येऊ लागले आणि मराठी गद्याचा आरंभ नव्यानं लिहावा लागला.

कर्णाच्या गोष्टीत आणि या लिप्यांमध्ये फरक इतकाच की कर्णाचं पान वाचकापुढे पालथं का होईना पण मांडलेलं आहे. इथे पान मांडलेलंच नव्हतं, म्हणून खेळही नव्हता.

आणि जे गुपित एकट्याचं नसतं?

शेवटचा आक्षेप सगळ्यात अवघड, आणि तो आत्मचरित्राबद्दल आहे. कल्पित पात्राचं गुपित फोडलं तर कुणी नोटीस पाठवत नाही. पण स्वतःचं आयुष्य लिहायचं तर त्यात आई, भाऊ, नवरा, शेजारी आलेच, आणि त्यांनी परवानगी दिलेली नसते.

दया पवारांचं 'बलुतं' १९७८ साली आलं तेव्हा बाहेरचे वाचक हादरले, पण नाराजी घरातूनही आली: आपलं उघडंवाघडं चव्हाट्यावर कशाला मांडायचं? त्या पुस्तकात दगडू पवार आणि दया पवार अशी एकाच माणसाची दोन रूपं समोरासमोर येतात. एकानं सांगायचं, दुसऱ्यानं ऐकायचं. मला ती लेखनाची क्लृप्ती कमी आणि गरज जास्त वाटते. जे लेखकानं स्वतःपासूनच लपवलं होतं ते काढायला दुसरा माणूस लागला. १९९० साली सुनीताबाई देशपांड्यांचं 'आहे मनोहर तरी' आलं. तिथे आक्षेप वेगळ्या सुरात, पण तोच: पु. लं.सारख्या लाडक्या माणसाचं घरातलं रूप सांगायची काय गरज होती? म्हणजे जो त्या घरात एक दिवसही राहिला नव्हता तो वाचकही त्या घराच्या गुपितावर हक्क सांगत होता.

माझं मत विचाराल तर या वादात 'खरं आहे ना, मग लिहिलं तर काय' हे उत्तर अपुरं आहे आणि 'मेलेल्यांबद्दल, घरच्यांबद्दल वाईट लिहू नये' हे तर अगदीच पोकळ. बघायचं ते हे की गुपित राखण्याची किंमत आजवर कोण मोजत होतं. ज्यानं मोजली त्यानं ते उघडलं तर मी त्याच्या बाजूचा. ज्याला काहीच मोजावं लागलं नाही त्यानं दुसऱ्याचं गुपित खपाऊ म्हणून विकलं, तर ते पुस्तक कितीही देखणं असो, त्यात मला बेणारेबाईंच्या खटल्यातली साक्षच ऐकू येते.

नावं बदलून हे सुटत नाही. दोनशे उंबऱ्यांच्या गावात 'अमुक गुरुजी' म्हटलं तरी पोरंसोरंसुद्धा ओळखतात. म्हणून आपल्याकडे कितीतरी आत्मचरित्रं कादंबरी म्हणून छापली जातात, पहिल्या पानावर 'सर्व पात्रे काल्पनिक' असं ठणकावलेलं असतं, आणि ते वाचताक्षणी वाचक खरी नावं शोधायला बसतो.